नुसते हात दिसायचे

माघ सरत आला की वसमतच्या रस्त्यानं एसटीची खिडकी उघडी ठेववत नाही आणि बंदही करवत नाही. दोन्ही अंगाच्या शेतांत हळद शिजत असते. कढईवरची ओली पोती उचलली की जी वाफ निघते तिला एक वास असतो, ओल्या मातीचा आणि औषधाच्या कपाटाचा मिळून. तो एकदा गाडीत शिरला की आपण उतरेपर्यंत उतरत नाही. शेजारची बाई म्हणते, "मस्त वास येऊन राहिला बगा." मी हो म्हणते. नाही म्हणून काय सांगणार तिला? मला त्या वासात समुद्राकाठचा एक बंगला दिसतो. काळापांढरा, लाकडी जिन्याचा, वरच्या मजल्यावर एकच खिडकी उघडी असलेला. हळदीचा आणि समुद्राचा काय संबंध, असं कुणीही विचारील. संबंध आमच्या ओसरीवर होता, लाकडी स्टुलावर ठेवलेल्या टीव्हीत.

टीव्ही आला त्या वर्षी मी सातवीत होते. आमचा जिल्हा तेव्हा परभणी, वहीच्या पहिल्या पानावर तसंच लिहायचो. गाव सिद्धेश्वरच्या कालव्यावरचं, म्हणून हळद भरपूर. माझे वडील, म्हणजे दादा, आणि धाकटा काका एकत्र शेती करायचे. टीव्ही काकाच्या लग्नात काकीच्या भावानं दिलेला. अँटेना पत्र्यावर. वारा सुटला की कुणीतरी वर चढायचं आणि खालून सगळे एका सुरात ओरडायचे, आली, आली, गेली. गावात आणखी दोन टीव्ही होते, पण आमची ओसरी मोठी, त्यामुळे गुरुवारी संध्याकाळी अर्धी गल्ली आमच्याकडं.

गुरुवारी बातम्या झाल्या की एक मालिका लागायची. तिचं नाव मला आठवत नाही, खरंच नाही. एक म्हातारा न्यायाधीश त्या बंगल्यात आजारी पडलेला. त्याची दुसरी बायको तरुण. ती रोज जिना चढून वर जायची आणि बाटलीतल्या औषधाचे थेंब चमच्यात मोजायची. बस्स, एवढंच. तेरा आठवडे ती बाई थेंब मोजत होती. आणि ती थेंब मोजायला लागली की तिचा चेहरा दाखवायचे नाहीत. नुसते हात दिसायचे. बांगड्या, चमचा, थेंब. वाजवायचेही काही नाहीत, मागं नुसतं घड्याळ. एक थेंब पडायचा आणि दुसरा पडेपर्यंत आमच्या ओसरीवरची माणसं श्वास घ्यायची थांबायची.

आता मी शाळेत शिकवते, त्यामुळे सगळं उलगडून सांगायची खोड लागली आहे. तर सांगते. हल्लीच्या मालिकांत एखादी बाई वाईट असली की तिच्या कपाळावरची टिकलीच सांगते. तीनदा तिचा चेहरा जवळून दाखवतात, तीनदा ढोल बडवतात. भीती वाटायला जागाच ठेवत नाहीत. तेव्हा त्या लोकांकडं दोन खोल्या, चार खुर्च्या आणि एक पडदा असायचा. मग ते बिचारे गप्प राहून भीती घालायचे. पडदा हलायचा आणि पात्रं त्याच्याकडं बघायची नाहीत, आपणच बघायचो. बघणाऱ्यालाच संशय घ्यायचं काम दिलेलं. आमच्या गावानं ते काम फार मनावर घेतलं.

शेजारच्या शेवंताबाई सगळ्यांच्या पुढं बसायच्या. दुसऱ्याच गुरुवारी त्यांनी निकाल दिला. "हीच घालून राहिली औषिदात काय तरी. बोलत न्हाई ना ती. जास्त न बोलणाऱ्या माणसाचं काई सांगता येत न्हाई." सगळ्यांनी माना हलवल्या. काकी भिंतीला टेकून बसली होती. तिनंही हलवली.

काकी मुळात कमी बोलणारी. सेनगावकडची. लग्नाला अजून वर्ष व्हायचं होतं. उंच, सावळी, चालताना आवाज न करणारी. मला ती वेणी घालून द्यायची, इतकी घट्ट की डोळे ताणले जायचे, आणि मी ओरडले की हळूच हसायची. माय तिला कधी टाकून बोलली नाही आणि कधी जवळही घेतलं नाही. दोघी जावा एका चुलीवर असतात तशा होत्या. त्या हंगामात काकीचे हात कोपरापर्यंत पिवळे होते, हळदीची बेणी निवडून निवडून. ती थाळी पुढं करायची तेव्हा आधी हातच दिसायचे.

आणि त्याच हंगामात काकाचं पोट दुखायला लागलं.

आधी आम्ही हसलो. हळद शिजवायच्या दिवसांत काकाचं पोट दुखणं म्हणजे कामचुकारपणा, असं दादा म्हणाले. पण आठ दिवसांत त्याच्या गालाची हाडं वर आली. खाल्लं की ओकायचा. वसमतच्या डॉक्टरांनी गोळ्या दिल्या, मग दुसऱ्या दिल्या, पोट आहे, वेळ लागतो म्हणाले. काका ओसरीवर बाजेवर पडून राहायला लागला, तोंड भिंतीकडं करून. शेतात कढई रात्रंदिवस चालू, कापसाच्या पऱ्हाट्या जळतायत, दादा लाल डोळ्यांनी घरी येतायत. घरात हळदीची वाफ कपड्यांबरोबर यायची आणि काकाला तिनंही मळमळायचं.

काकी त्याच्यासाठी ज्वारीच्या कण्यांची पातळ पेज करायची. तीत माहेरून आणलेल्या पुडीतलं चिमूटभर काहीतरी घालायची. ती सुंठ आणि ओवा होता. आज मला माहीत आहे, तेव्हा मायलाही माहीत असणार, वास काय लपतो? पण पुडी कागदाची होती, ती उघडताना काकीची पाठ आमच्याकडं असायची, आणि गुरुवार नुकताच होऊन गेलेला असायचा.

कुणी काही बोललं नाही. हे मला पुन्हा पुन्हा सांगावंसं वाटतं. आमच्या घरात त्या दीड महिन्यात एक वाकडा शब्द निघाला नाही. फक्त चहा थांबला. आमच्याकडं कुणाच्या हातचा चहा नाकारत नाहीत, तो मोठा अपमान. नको असला तर म्हणायचं, "आत्ताच झाला." शेवंताबाईंचा आत्ताच झाला. मग मायचा आत्ताच झाला. ती पहाटे काकीच्या आधी उठून आपला करून घ्यायला लागली. दादांचा शेतातच झालेला असायचा. काकी कपबशा भरून आणायची आणि तशाच परत न्यायची. एकदा मी स्वयंपाकघरात गेले तर ती चारही कप एका पातेल्यात परत ओतत होती. मला बघून म्हणाली, "तू घेती का?" मी घेतला. गार झाला होता.

तेव्हा मला काय कळत होतं? कळत होतं. सातवीतल्या पोरीला कळत नाही असं म्हणणं सोयीचं आहे, पण खरं नाही. काकीचं या घरातलं राहणं आता एखाद्या धाग्यावर आहे, हे मला कळत होतं. गुरुवारी ती बाई जिना चढायला लागली की सगळ्यांची नजर एकदा टीव्हीकडं आणि एकदा काकीच्या हातांकडं जायची. माझीही जायची. मला त्यात मजा येत होती, हेही सांगून टाकते. आपल्या घरात मालिका चालू आहे असं वाटायचं.

एकटा काका तेवढा तिच्या हातचं खात होता. म्हणजे आम्हाला तसं वाटायचं. संध्याकाळी काकी पेजेची वाटी बाजेजवळ ठेवायची आणि दाराला टेकून उभी राहायची. काका मला हाक मारायचा. "ये माय, आधी तू." लेकराच्या तोंडात पहिला घास घातल्याशिवाय घरच्या मोठ्या माणसानं जेवायचं नाही, ही आमच्याकडची रीतच. दादाही तसंच करायचे. मी वाटी तोंडाला लावून चांगले चार घोट घ्यायचे, पेज मला आवडायची. मग काका म्हणायचा, "आता पाढे म्हण." तेराचा, चौदाचा, पंधराचा. मी बाजेच्या पायाला धरून डोलत डोलत म्हणायचे. काका उशीवर मान टाकून माझ्याकडं बघत राहायचा, इतकं लक्षपूर्वक, की मला वर्गात कुणी कधी तसं ऐकलं नव्हतं. एकोणीसाच्या पाढ्यात मी हमखास अडायचे, साते एकशे तेहतीसला. तो घाई करायचा नाही. विसाचा झाला की म्हणायचा, "शाब्बास. जा खेळायला." आणि मग ती गार झालेली पेज खायचा. त्या वर्षी गणितात मी पहिली आले. काकामुळं आले, असं मी कैक वर्षं सगळ्यांना सांगत असे.

फाल्गुन लागला होता. हळद वाळत घातलेली, अंगण पिवळं. मी आणि काकी हळकुंडं खालीवर करत होतो. ती मध्येच थांबली. माझ्याकडं न बघता म्हणाली, "उद्यापासून काकानं बोलावलं तरी पेज खायाला जाऊ नको."

"काहून?" मी विचारलं.

"म्या सांगून राहिले म्हणून. भूक लागली तर माज्याकडं ये, येगळी देते."

एवढंच. तिनं पुन्हा हळद खालीवर करायला घेतली. मी ते वाक्य संध्याकाळपर्यंत तोंडात धरून ठेवलं. मग चुलीपुढं मायला सांगितलं. का सांगितलं? त्याचं उत्तर मी पुष्कळदा शोधलं आहे. मायनं माझ्याकडं बघावं म्हणून सांगितलं, दुसरं काही नाही. आणि तिनं बघितलं. हातातली भाकरी परातीत तशीच राहिली. तिनं माझं तोंड दोन्ही हातांत धरून डोळ्यांच्या खालच्या पापण्या ओढून बघितल्या, जीभ काढायला लावली. मग मला आतल्या खोलीत बसवून बाहेरून कडी लावली.

माझ्या पोरीला पेज खाऊ नको म्हणते, म्हणजे पेजेत काहीतरी आहे. मायनं असाच हिशेब मांडला, आणि तो त्या ओसरीवर बसणाऱ्या कुणीही तसाच मांडला असता. दादांनी काकीला एकदाच विचारलं, "तुमी लेकराला तसं म्हणल्या का?" तिनं हो म्हटलं. काहून, ते सांगितलं नाही. बाजेवर काका होता. तिनं त्याच्याकडं बघितलं आणि तो काय बोलतो त्याची वाट बघितली, असं मला कडीच्या फटीतून दिसलं. काका भिंतीकडं तोंड करून पडून राहिला.

तिसऱ्या दिवशी तिचा भाऊ आला. चार दिवस माहेरपणाला नेतो म्हणाला, असंच बोलायचं ठरलं असावं. ती एक ट्रंक घेऊन एसटीत चढली. टीव्ही तिनं मागितला नाही. तिच्या बाजूची खिडकी आमच्याकडं होती, पण तिनं समोर बघितलं. मला वेणी घालायला त्या दिवशी कुणाला सुचलं नाही, मी तशीच शाळेत गेले.

मालिकेचा शेवटचा भाग त्यानंतरच्या गुरुवारी झाला. ओसरी गच्च भरली होती. आणि निघालं काय, तर कुणीच काही केलं नव्हतं. औषध औषधच होतं. न्यायाधीश म्हातारा होता, तो आपला म्हातारपणानं गेला. त्या बाईचा चेहरा पहिल्यांदा नीट दाखवला, ती रडत होती. तेरा आठवडे जिना चढून तिचे पाय दुखले असतील एवढंच माझ्या मनात आलं. शेवंताबाई भडकल्या. "मंग इतके दिस काहून दाखवून राहिले असं? फसवलं म्हणायचं हे." मायनं उठून टीव्ही बंद केला. काळ्या काचेवर आमची ओसरी दिसत होती आणि कुणी कुणाकडं बघत नव्हतं.

पाडव्याच्या आत काकाला नांदेडला न्यावं लागलं. आतड्याला जुनी जखम होती, ती फुटली होती. ऑपरेशन झालं. कुणी विष घालून अशी जखम होते का, असं दादांनी डॉक्टरांना विचारलं तेव्हा डॉक्टर त्यांच्याकडं बघतच राहिले, असं दादांनीच नंतर सांगितलं. लगेच ते सेनगावला गेले. काकीनं त्यांना पाणी दिलं, जेवायला वाढलं, आणि येत नाही म्हणाली. कारण विचारलं तर, "तुमच्यावर माजा राग न्हाई," एवढंच बोलली. मायही जाऊन आली, पाया पडली तिच्या. तेच उत्तर. काका मात्र कधी गेला नाही. त्यानं दुसरं लग्न केलं नाही, फारकत घेतली नाही. दर माघात तो कढईजवळ जाऊन बसायचा आणि संध्याकाळी पेज खायचा, ऑपरेशननंतर त्याला तीच पचायची.

हे सगळं मी जगत आले ते मीच चुगली केली या ओझ्याखाली. माझं डी.एड. झालं, नोकरी लागली, जिल्हा हिंगोली झाला, घरात रंगीत टीव्ही आला, माय गेली. ओझं तिथंच. त्यामुळे एका वर्षी, हळद शिजत असताना, काका अचानक म्हणाला, "तू जाऊन विचार. तुला न्हाई म्हणायची न्हाई ती," तेव्हा मी दुसऱ्याच दिवशी निघाले. हिंगोलीपर्यंत एसटी, पुढं सेनगाव, तिथून जीप.

काकी खळ्यात तुराट्यांच्या पेंढ्या बांधत होती. केस पिकले होते, चाल तशीच. तिनं मला ओळखलं आणि आधी माझ्या वेणीकडं बघितलं. आम्ही तुराट्यांच्या सावलीला बसलो. मी जन्मभर घोकलेलं बोलून टाकलं. मायला मी सांगितलं होतं, काकी, माझ्यामुळं झालं.

"लेकरू मायला न्हाई सांगणार तर कोणाला सांगीन?" ती म्हणाली. "त्याचं काय घेऊन बसली तू?"

"मग चला घरी. काकानं पाठवलंय. आता कुणी काही म्हणणार नाही तुम्हाला."

"तवाबी कोणी काई म्हणलं नव्हतं."

ती पेंढीला गाठ मारत राहिली. मग तिनंच विचारलं, "तुजे काका तुला पाढे काहून म्हणायला लावायचे, कळलं का कधी?"

"पाठ व्हावेत म्हणून."

तिनं हातातलं काम ठेवलं. माझ्याकडं बघितलं, आणि तिला वाईट वाटलं, माझ्यासाठी वाटलं, हे मला स्पष्ट दिसलं. "तुला काई होतं का, ते बघायचे," ती म्हणाली. "विसापत्तोर तुला काई झालं न्हाई, की मंग खायचे. म्या दारात उभी राहून रोज बघायची. माज्यावर संशय घेतला, ते म्या सोसलं असतं. दुखणेकरी माणूस, मन थाऱ्यावर नसतं. तुजी मायबी भेलेली होती. पण पेजेत इख हाय असं वाटत असताना त्यांनी आधी तुला पाजलं. म्हणून तुला म्हणलं, खाऊ नको. अन् म्हणून म्या गेले. अशा माणसाचं लेकरू मला माज्या पोटी नको होतं."

तुराट्यांत कुठंतरी शेंग तडकल्याचा आवाज आला. निघताना तिनं मला जेवू घातलं, आणि जीपवाल्याला आवाज देऊन पुढची जागा द्यायला लावली.

परतीच्या गाडीत खिडकी उघडी होती. वसमत जवळ यायला लागलं तसा वास आला. मी तेराचा पाढा म्हणून बघितला, मनातल्या मनात. तो सगळा आला, एकोणीसाचाही आला, कुठं न अडता. काकाची ती नजर आठवली. एवढं लक्ष देऊन मला जन्मात कुणी ऐकलं नाही, असं मी मुलांना वर्गात सांगत आले होते.

घरी पोचले तेव्हा दिवे लागायचे होते. काका बाजेवर उठून बसला. दाढी केली होती त्यानं, धुतलेलं धोतर नेसला होता.

"काय म्हणली?"

"येत न्हाई."

"काहून?"

वीस वर्षं या घरात हाच प्रश्न फिरत होता आणि उत्तर कुणाकडंच नव्हतं. मी म्हणाले, "पाढ्यांमुळं."

कोणते पाढे, असं त्यानं विचारलं नाही. हात मांडीवर ठेवून बसून राहिला. हळदीनं पिवळे झालेले, म्हातारे हात. मग त्यानं विचारलं, "तुला कवा कळलं?"

"आज," मी म्हणाले.